मांजरेच्या अलीकडे १.२०, पलीकडे १.२०

दोस्तांनो, आज आपल्याला एक कागद वाचायचा आहे. गोष्टीचा नाही, धड्याचाही नाही. तुमच्या घरच्या शेताचा सातबारा! घरी शेत नसेल तर मामांचा नाहीतर शेजारच्या काकांचा मागून आणा. देताना ते "कशाला रे बाबा?" असं विचारतीलच. "हिशेब शिकायचाय" म्हणून सांगा आणि कागदाला तेलाचे हात लावू नका.

सातबाऱ्यावर 'क्षेत्र' असा एक रकाना असतो. समजा, तिथे १.२०.०० असं लिहिलंय. सांगा पाहू, किती जमीन झाली?

"एक एकर वीस गुंठे!" असं म्हणणाऱ्यांनी हात वर करा. बघा, निम्म्या वर्गाचे हात वर आले. आणि तेवढ्यात निम्मी जमीन गेलीसुद्धा!

महाराष्ट्राच्या सातबाऱ्यावर एकर-गुंठे नसतात. तिथे हेक्टर, आर आणि चौरस मीटर असतात. म्हणजे १.२०.०० हे झाले १ हेक्टर, २० आर आणि शून्य चौरस मीटर. १ हेक्टर म्हणजे जवळजवळ अडीच एकर. नेमकं सांगायचं तर २.४७१ एकर. या हिशेबानं आपली जमीन २ एकर आणि वर साधारण साडेअडतीस गुंठे भरते. कुठे दीड एकर आणि कुठे हे! फरक जवळजवळ दुपटीचा.

आता आपण जरा बिलोलीला जाऊ या. नांदेड जिल्ह्याच्या पूर्व टोकाला हा तालुका आहे. बिलोलीहून बोधनच्या रस्त्याला लागलं की येसगीजवळ मांजरा नदीवरचा पूल येतो. पूल ओलांडला की तेलंगण. अलीकडच्या गावांत मराठीबरोबर तेलुगू ऐकू येतं, पलीकडच्या गावांत तेलुगूबरोबर मराठी. सोयरीकही नदीच्या दोन्ही काठांवर. एक आत्या इकडे, एक मावशी तिकडे.

आता मावशीच्या घरचा कागद बघा. तिकडे सातबारा नसतो. पट्टादार पासबुक असतं. त्यावर तेलंगणात अजूनही एकर आणि गुंठे लिहितात. गुंठ्याला ते 'गुंटा' म्हणतात, अनेक झाले की 'गुंटलु'. मावशीच्या पासबुकावर १.२० असेल, तर तो खरोखरच एक एकर वीस गुंठे असतो!

आकडा तोच, माती तीच काळी, मध्ये फक्त नदी. पण अलीकडचे १.२० पलीकडच्या १.२० च्या जवळजवळ दुप्पट. काय, आहे की नाही गंमत? अर्थात, व्यवहार करताना एखाद्यानं घाईत सही केली, तर तिची गंमत राहत नाही.

मग नदीच्या दोन्ही बाजूंना मापं वेगळी का? मुळात ती वेगळी नव्हतीच. १९५६ पर्यंत बिलोली आणि बोधन ही दोन्ही गावं एकाच राज्यात होती, हैदराबाद राज्यात. निजामाच्या वेळी, पहिल्या सालारजंगांनी कारभार सुधारायला घेतल्यानंतर, तिथे जमिनीची नवी मोजणी सुरू झाली. ती शेजारच्या मुंबई इलाख्याच्या धर्तीवर होती. म्हणून मराठवाड्यातही एकर-गुंठे आणि तेलंगणातही एकर-गुंठे. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची फेररचना झाली. नांदेडसह मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि बोधन आंध्र प्रदेशात गेलं. बिलोलीच्या शेजारच्या देगलूर तालुक्यातली बिचकुंदा आणि जुक्कल ही मंडळंसुद्धा तेव्हा नदीपलीकडच्या राज्यात गेली. पुढे १९६० मध्ये महाराष्ट्र झाला, २०१४ मध्ये तेलंगण झालं. आपल्याकडे महसुलाचे कागद मेट्रिक मापात आले. तिकडच्या कागदांवर जुनंच माप राहिलं.

पण एक सांगा, एका एकरात चाळीसच गुंठे का? शंभर का नाहीत, निदान पन्नास तरी? पाठ करताना हा प्रश्न कुणी विचारत नाही. विचारायला हवा. याचं उत्तर तुमच्या क्रिकेटच्या खेळपट्टीत आहे!

इंग्लंडमध्ये एडमंड गंटर नावाचे एक गणिती होऊन गेले. १६२० च्या सुमारास त्यांनी जमीन मोजायला एक लोखंडी साखळी ठरवून दिली. लांबी ६६ फूट, कड्या बरोबर १००. ६६ फूट म्हणजे २२ यार्ड. आणि क्रिकेटची खेळपट्टी या यष्ट्यांपासून त्या यष्ट्यांपर्यंत किती? २२ यार्ड! म्हणजे तुम्ही दोन धावा काढता तेव्हा गंटरसाहेबांच्या साखळीवरून एकदा जाऊन परत येता.

एक साखळी रुंद आणि दहा साखळ्या लांब अशी पट्टी म्हणजे एक एकर. ही लांबोळकी पट्टी कुणाच्या डोक्यातून निघाली? बैलांच्या! नांगराला जुंपलेली जनावरं न थांबता जेवढं लांब तास काढतील तेवढी तिची लांबी आणि दिवसभरात जेवढं रान नांगरून होईल तेवढं तिचं क्षेत्र, असा त्या मापाचा जुना हिशेब. आपल्याकडचे म्हातारे शेतकरीही "एका औताचं रान" म्हणतात, ते याच चालीवर.

आता इकडे या. १८३५ च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांनी पुणे जिल्ह्यातल्या इंदापूर तालुक्यापासून जमिनीची नवी मोजणी सुरू केली. मुंबई इलाख्याच्या मोजणीत साखळी वापरली ती अर्धी, ३३ फुटांची. तिचे भाग मात्र शंभर नाहीत, सोळा! त्या भागांना म्हणायचे आणे. तेव्हा रुपयाचे आणे सोळाच होते ना, मग लोकांना हिशेब कळायला वेळ लागला नाही. ३३ फूट लांब आणि ३३ फूट रुंद असा चौकोन म्हणजे एक गुंठा. ३३ गुणिले ३३ करून बघा: १०८९ चौरस फूट. गुंठ्याचेही सोळा आणे. जुन्या खरेदीखतात '२ गुंठे ८ आणे' दिसलं तर दचकू नका. ते अडीच गुंठे असतात.

आता चाळिसाचं कोडं सोडवू. खेळपट्टीएवढी बाजू असलेला चौकोन घ्या. गुंठ्याची बाजू खेळपट्टीच्या निम्मी, म्हणून त्या चौकोनात दोन ओळींत दोन-दोन, असे चार गुंठे बसतात. एकराची पट्टी म्हणजे असे दहा चौकोन एकापुढे एक. दहा चोक चाळीस! झालं की नाही?

त्याआधीही आपल्याकडे मापं होतीच. शिवाजी महाराजांच्या कारभाराची माहिती देणाऱ्या सभासद बखरीत पाच हात आणि पाच मुठींची एक काठी, वीस काठ्या लांब-रुंद चौकोनाचा एक बिघा आणि १२० बिघ्यांचा एक चावर असा हिशेब आहे. चावर म्हणजेच चाहूर. पण हात कुणाचा? उंच माणसाचा की बुटक्याचा? म्हणून तर काठी ठरवून द्यावी लागली. बिघ्याचं तर विचारूच नका. बंगालचा बिघा १४,४०० चौरस फुटांचा, म्हणजे सव्वातेरा गुंठ्यांनाही जरा कमी. राजस्थानात काही भागांत १६५ फूट बाजूचा बिघा चालतो, तो बरोबर २५ गुंठ्यांचा भरतो. नाव एक, रान वेगळं. 'तिकडे बिघा स्वस्त मिळतो' असं कुणी म्हणालं, तर आधी विचारायचं, "कुठला बिघा?"

भारतानं मेट्रिक पद्धतीचा कायदा केला १९५६ मध्ये. १ एप्रिल १९५७ ला रुपयाचे सोळा आणे जाऊन शंभर नवे पैसे आले. जमिनीसाठी आला 'आर': १० मीटर लांब, १० मीटर रुंद, म्हणजे १०० चौरस मीटर. १०० आर मिळून एक हेक्टर. मुलींच्या कबड्डीचं मैदान १२ मीटर बाय ८ मीटर असतं, म्हणजे ९६ चौरस मीटर. आर किती मोठा ते डोळ्यांपुढे आणायचं असेल तर हे मैदान आठवा आणि किंचित वाढवा.

आर आणि गुंठा जवळजवळ सारखेच आहेत. गुंठा १०१.१७ चौरस मीटरचा, म्हणजे आरपेक्षा केसभर मोठा. म्हणून गावात सर्रास "आर म्हणजे गुंठाच" असं म्हणतात. परसबागेपुरतं ते चालेल. पण एका हेक्टरात शंभर गुंठे बसत नाहीत, ९८.८४ च बसतात. उरलेला फरक १.१६ गुंठ्यांचा, म्हणजे सुमारे १,२६० चौरस फुटांचा. एवढ्या जागेत एक ऐसपैस घर उभं राहतं! धुऱ्यावरून भांडणं होतात ती हातभर जमिनीसाठी, आणि इथे हिशेबात अख्खं घर हरवतं.

तेव्हा आता पद्धत शिकून घ्या. कॅलक्युलेटर नसला तरी चालेल.

आधी सगळ्याचे आर करा. १ हेक्टर २० आर म्हणजे १२० आर. दर शंभर आरमागे १.१६ वजा करा. १२० ला साधारण १.३९ वजा होतात, राहिले ११८.६१. हे झाले गुंठे. त्यांना चाळिसानं भागा: भागाकार २, बाकी ३८.६१. म्हणजे २ एकर साडेअडतीस गुंठे आणि थोडं वर. हेच उत्तर आपण सुरुवातीला काढलं होतं.

आणि कागद कुठल्या मापातला आहे हेच कळत नसेल तर? टिंबानंतरचा आकडा बघा. तो चाळीस किंवा त्याहून मोठा असेल तर कागद एकर-गुंठ्यांचा असूच शकत नाही, कारण चाळीस गुंठे झाले की पुढचा एकरच होतो. २.४३ ला 'दोन एकर त्रेचाळीस गुंठे' म्हणणं म्हणजे घड्याळात 'दोन वाजून सत्तर मिनिटं' म्हणण्यासारखं! आकडा चाळिसाच्या आत असेल तेव्हा मात्र रकान्याचं डोकं वाचल्याशिवाय उपाय नाही. आपल्या १.२० नं म्हणूनच एवढा गोंधळ घातला.

कॅलक्युलेटरवाल्यांनो, तुमच्यासाठी एक सापळा वेगळा आहे. एक एकर वीस गुंठे जमीन, भाव एकरी दहा लाख रुपये. यंत्रात १.२० गुणिले दहा लाख केलं, उत्तर आलं बारा लाख. चूक! वीस गुंठे म्हणजे अर्धा एकर, तेव्हा गुणायचं १.५ नं. किंमत पंधरा लाख. यंत्राला टिंब म्हणजे दशांश एवढंच ठाऊक. त्यापुढे गुंठे बसलेत हे त्याला कोण सांगणार? तीन लाखांचा घाटा, तोही बटणं बरोबर दाबून.

घरातल्या मोठ्यांना तर ही दोन मापं रोज लागतात. अतिवृष्टीची मदत जाहीर होते ती 'हेक्टरी', आणि पारावर बोलणं चालतं ते 'एकरी'. सोयाबीनचं बियाणं साधारण हेक्टरी ७५ किलो असं पुस्तकात असतं. त्याला अडीचनं भागलं की एकरी ३० किलो होतात. हेक्टरचा आकडा बातमीत ऐकून बाबा खूश झाले, तर त्यांना हळूच सांगा, "बाबा, आधी अडीचनं भागा."

रविवारी चार जण मिळून एक काम करा. ३३ फुटांची सुतळी घ्या, मोजायला शाळेचा टेप मागा. शेतात किंवा मैदानावर चार खुंट्या ठोकून गुंठा आखा. कोपरा काटकोनात आला की नाही हे कसं ओळखायचं? कोपऱ्यापासून एका बाजूला ३ फुटांवर खूण, दुसऱ्या बाजूला ४ फुटांवर खूण. दोन खुणांमधलं अंतर बरोबर ५ फूट आलं की काटकोन पक्का. हल्ली सरकारी मोजणीला उपग्रहांच्या मदतीनं चालणारं रोव्हर नावाचं यंत्र आणतात. सुतळीनं आखलेल्या गुंठ्यात उभं राहिलं की मात्र तो पायांना कळतो.

आता शेवटचं गणित. आजोबांच्या ट्रंकेत १९५४ चं खासरा पत्रक सापडलं. त्यावर शेत आहे ६ एकर ० गुंठे. आजच्या सातबाऱ्यावर त्याच गट नंबरला २.४३.०० आहे. घरात कुजबुज सुरू झाली, "सहाचे अडीच कसे झाले? मधल्या काळात कुणी जमीन खाल्ली?" दोन काका आणि एक आत्या अशा तिघांत शेताची सारखी वाटणी करायची आहे. (वडिलोपार्जित जमिनीत मुलीचाही मुलाएवढाच हक्क असतो. तसा कायदा महाराष्ट्रानं १९९४ मध्ये केला आणि २००५ मध्ये तो देशभर झाला.) जमीन खरंच कमी झाली का? आणि आत्याच्या वाट्याला किती येईल? कागद झाकून ठेवा, आधी स्वतः सोडवा.

उत्तर: २४३ आर, वजा २.८२, म्हणजे २४०.१८ गुंठे. चाळिसानं भागले की ६ एकर. जमीन होती तेवढीच आहे, कुणी खाल्ली नाही. आत्याला ०.८१.०० मिळतील, म्हणजे दोन एकर.