टोपीखालचा पाटील

निळू फुले पडद्यावर आले की थिएटरातल्या बायका नकळत पदर सावरत, असं पूर्वी गमतीनं म्हटलं जाई. त्यात गंमत थोडी आणि खरेपणा जास्त होता. पांढरं धोतर, डोईवर टोपी, अर्धवट मिटलेले डोळे आणि घोगऱ्या आवाजात सावकाश सोडलेले शब्द. इतर खलनायकांना आरडाओरडा लागे, या माणसाला नुसतं गप्प बसणं पुरे!

हे गप्प बसणं त्यांनी आणलं कुठून? उत्तर मला मिरकरवाड्यात मिळालं. 1980च्या दशकाच्या अखेरीस मी रत्नागिरीत बँकेत होतो आणि मिरकरवाड्यातल्या होड्यांची कर्जं माझ्याकडे होती. पावसाळ्यात मासेमारी बंद, होड्या किनाऱ्याला, त्यामुळे हप्तेही अर्थातच बंद. तरी वसुलीची फेरी मारावी लागेच. अशाच एका संध्याकाळी एका घरी भाड्याचा व्हीसीआर आणून ‘सामना’ लावला होता. जाळ्याची डागडुजी हातात ठेवूनच मंडळी बघत होती. हिंदुराव धोंडे पाटील मास्तरांशी गोड बोलू लागला, तशी कोपऱ्यातली एक म्हातारी पुटपुटली, “मेला आपल्या शेटसारखाच बोलतो.”

कोणी हसलं नाही. ‘शेट’ म्हणजे बंदरावरचा एक व्यापारी. डिझेल, बर्फ, जाळी यांसाठी तो आगाऊ पैसे देई आणि मग मासळी त्यालाच, त्याच्याच भावानं घालावी लागे. कागद नाही, सही नाही. त्यानं आवाज चढवल्याचं मी कधी ऐकलं नाही. बँकेच्या हप्त्याआधी त्याचे पैसे फिटत, यातच सगळं आलं.

फुल्यांनी उभा केला तो हा माणूस. ऊस असो वा बांगडा, ज्याच्या हाती उधारी त्याला ओरडावं लागत नाही. जब्बार पटेलांचा, विजय तेंडुलकरांनी लिहिलेला ‘सामना’ 1975 साली बर्लिनच्या महोत्सवात गेला. त्यात साखर कारखान्याचा हा धनी एका दारुड्या मास्तरापुढे हळूहळू खचत जातो. मास्तर होते डॉ. श्रीराम लागू. मारुती कांबळेचा विषय निघाला की हिंदुरावाच्या डोळ्यांत भीती तरळून जाते. खलनायकाला भीती वाटते, हे दाखवायला नटाजवळ मोठं धैर्य लागतं.

आणि मूळचा हा माणूस कोण? पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयातला माळी! पगार 80 रुपये, त्यातले 10 राष्ट्र सेवा दलाला. ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्यानं नाव झालं आणि 1968 साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’तल्या झेलेअण्णांनी सिनेमाचं दार उघडलं. पुढं मात्र निर्मात्यांनी त्यांना टोपी घातली ती उतरवू दिली नाही, असं मला नेहमी वाटतं. तोच वाडा, तीच वाईट नजर, गोष्ट तेवढी निराळी. त्यांतले पुष्कळ चित्रपट आज पाहवत नाहीत. पण नाटकात 1972 साली त्यांनी ‘सखाराम बाइंडर’ केला आणि हिंदीत 1984च्या ‘सारांश’मध्ये गजानन चित्रे हा पुढारी.

पडद्यावर अंगारे-धुपारे करणाऱ्या गावांचा धनी झालेला हा नट प्रत्यक्षात अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीत होता, डॉ. लागूंबरोबर सामाजिक कृतज्ञता निधीसाठी झटत होता. तरी खेड्यापाड्यांतल्या बायका त्यांना पाहून बिचकत. एखाद्या नायकाला अशी पावती मिळाली असती तर त्यानं ती मिरवली असती. फुल्यांना मात्र चारचौघांत ती अवघडच वाटत असणार.

13 जुलै 2009 रोजी ते पुण्यात गेले. नकलाकार अजून त्यांचा आवाज काढतात आणि टाळ्या घेतात. माझी मात्र वाचकांना एक विनंती आहे. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवरचा, 1979 सालचा ‘सिंहासन’ पुन्हा मिळवून पाहा. त्यात फुले आहेत दिगू टिपणीस, पत्रकार. टोपी नाही, धोतर नाही, वाडाही नाही. मंत्र्यांपासून कामगार पुढाऱ्यापर्यंत सगळे बोलतात आणि दिगू ऐकतो. बोलणाऱ्याकडे न बघता तेवढा वेळ त्याच्याकडे बघा.