ज्याला वाचता आले, तो वाचला

‘वाचाल तर वाचाल’ हे वाक्य वस्तीतल्या वाचनालयाच्या भिंतीवर आम्ही लहानपणापासून पाहत आलो. पुढे कायद्याचा अभ्यास करताना इंग्लंडच्या जुन्या न्यायव्यवस्थेशी ओळख झाली आणि ध्यानात आले, की मध्ययुगात तेथे हे वाक्य अक्षरशः खरे होते. ज्या आरोपीला वाचता येई, त्याची मान फासातून सुटे. ज्याला वाचता येत नसे, तो त्याच गुन्ह्यासाठी लटकवला जाई. हा चमत्कार घडवला तो ख्रिस्ती चर्चच्या सत्तेने.

मध्ययुगीन युरोपात चर्च म्हणजे केवळ प्रार्थनेची जागा नव्हती. मूल जन्मले की बाप्तिस्मा चर्चचा, लग्न चर्चचे, मेल्यावर मूठमाती चर्चच्या आवारात. शेतात पिकेल त्याचा दहावा हिस्सा चर्चचा. विवाह, मृत्युपत्र, व्यभिचार, बदनामी हे खटले चालत चर्चच्या न्यायालयात, चर्चच्या कायद्याने. धर्मग्रंथ लॅटिनमध्ये, आणि लॅटिन मुख्यतः चर्चच्या माणसांना येणारे. थोडक्यात, लेखणी, ग्रंथ आणि न्याय या तिन्हींवर एकाच संस्थेची पकड होती.

मग प्रश्न उभा राहिला, की चर्चच्या माणसाने चोरी केली, खून केला, तर त्याचा न्याय कोणी करायचा? राजा दुसरा हेन्री याने 1164 साली क्लॅरेंडन येथे आपले नियम मांडले. गुन्हेगार पाद्र्याचा दोष चर्चच्या न्यायालयाने ठरवावा, त्याची दीक्षा काढून घ्यावी आणि मग शिक्षेसाठी त्याला राजाच्या स्वाधीन करावे, असे त्याचे म्हणणे. कँटरबरीचा आर्चबिशप थॉमस बेकेट याने हे साफ नाकारले. त्याचा युक्तिवाद असा, की एकाच गुन्ह्यासाठी माणसाला दोनदा शिक्षा करता येत नाही. वकील म्हणून आम्ही कबूल करतो, की हे तत्त्व खोटे नाही. भारतीय संविधानाच्या कलम 20(2) मध्येही ते आहे. पण बेकेटने ते वापरले एका वर्गाचे कवच म्हणून, ही खरी मेख आहे.

29 डिसेंबर 1170 रोजी राजाच्या सरदारांनी बेकेटला त्याच्याच कॅथेड्रलमध्ये ठार केले. 1173 साली पोपने त्याला संत घोषित केले. 1174 साली हेन्री राजा अनवाणी त्याच्या समाधीपर्यंत गेला आणि मठवासीयांकडून पाठीवर फटके खाऊन त्याने प्रायश्चित्त घेतले. राजा झुकला, चर्च जिंकले. पाद्री गंभीर गुन्ह्यात सापडला तरी त्याला चर्चच्या हवाली करायचे, अशी प्रथा पक्की झाली. चर्च रक्त सांडणारी शिक्षा देत नसे. म्हणजे एकाच गुन्ह्यासाठी सामान्य माणसाला फास, आणि पाद्र्याला प्रायश्चित्त किंवा फार तर बिशपचा तुरुंग! ही रचना आमच्या वाचकांना ओळखीची वाटेल. पण ती इंग्लंडची आहे, म्हणून तेथेच ठेवून पाहू.

आता पाद्री ओळखायचा कसा? आधी डोक्यावरचे मुंडण पाहत. पण केस कोणीही काढू शकतो. म्हणून कसोटी ठरली वाचनाची. आरोपीसमोर ग्रंथ उघडायचा आणि वाचायला सांगायचे. बहुतेक वेळा बायबलातील 51वे स्तोत्र, म्हणजे देवाकडे केलेली दयेची याचना, पुढे येई. लोकांनी त्या ओळीला नावच दिले ‘मानेची ओळ’. अक्षरशत्रू माणसेही ती घोकून ठेवत. न्यायाधीशाने दुसरे पान उघडले, की मात्र खेळ संपला. बाईला हा मार्ग जवळजवळ बंदच होता. मध्ययुगात तो मिळे फक्त जोगिणींना.

मग भूदासाच्या पोराने वाचायला शिकून पाद्री का होऊ नये? येथे राजा आणि सरदार जागे होते. क्लॅरेंडनच्या त्याच नियमांत एक कलम होते, की भूदासाच्या मुलाला त्याच्या जमीनमालकाच्या संमतीशिवाय दीक्षा देऊ नये. 1391 साली तर पार्लमेंटमधून राजाकडे अर्ज गेला, की भूदासांना आपली मुले शाळेत घालण्यास मनाई करावी. कारण शिकलेला पोर पाद्री होतो आणि मालकाच्या हातातून निसटतो. राजाने हा अर्ज फेटाळला. पुढे 1406 च्या कायद्याने कोणत्याही दर्जाच्या स्त्री-पुरुषाला आपला मुलगा वा मुलगी शाळेत घालण्याची मुभा दिली. ज्यांना शाळेची भीती वाटत होती, त्यांना अक्षराची ताकद बरोबर कळली होती!

चर्चने केवळ अन्यायच केला, असे लिहिणे हा सत्याचा अपलाप ठरेल. तापलेले लोखंड हातात धरायला लावून किंवा माणसाला पाण्यात बुडवून दोषी ठरवण्याच्या दिव्यांत पाद्र्यांनी भाग घेऊ नये, असा ठराव 1215 साली लॅटरन परिषदेने केला. पाद्र्याविना दिव्य होईना. त्यातूनच इंग्लंडमध्ये फौजदारी खटल्यांना ज्युरीची वाट मिळाली. पळून आलेल्या गुन्हेगाराला चर्चच्या आवारात चाळीस दिवस आसरा मिळे. 1381 च्या शेतकरी उठावात भूदासांना समतेचा संदेश देणारा जॉन बॉल हाही पाद्रीच होता. त्याला फाशी झाली.

विशेषाधिकार मात्र सहजासहजी मरत नाही. 1489 च्या कायद्याने दीक्षा न घेतलेल्यांना ही सवलत एकदाच ठेवली आणि पुन्हा ओळखता यावे म्हणून अंगठ्यावर डाग द्यायला सुरुवात केली. नाटककार बेन जॉन्सन 1598 साली एका नटाला मारून याच सवलतीने सुटला. 1547 च्या कायद्याने तर उमरावांना वाचता येत नसले तरी सवलत दिली. म्हणजे अक्षराचा आधारही गेला, उरला तो निव्वळ जन्म! वाचनाची अट 1706 साली गेली आणि मूळ सवलत 1827 साली रद्द झाली. बेकेटच्या खुनानंतर तब्बल साडेसहाशे वर्षांनी!

या इतिहासातून आम्ही एवढेच सांगू इच्छितो, की ग्रंथ आणि न्यायासन एकाच वर्गाच्या हाती गेले, की दया हीसुद्धा त्या वर्गाची मालमत्ता होते. त्या ‘मानेच्या ओळीत’ दयेची याचना होती. पण दया मिळे ती वाचणाऱ्याला, याचना करणाऱ्याला नव्हे. न्यायालयात उभा राहिलेला प्रत्येक निरक्षर माणूस पाहिला, की आम्हाला ती ओळ आठवते. त्याच्यासमोर ठेवलेला कागद त्याला वाचून दाखवणे, समजावून सांगणे हे उपकार नाहीत. तो त्याचा हक्क आहे, आणि वाचता येणाऱ्यांचे ते कर्तव्य आहे.