रीलमधला नारुतो आणि चाकणचा फिरंगोजी : ताकद, अक्कल आणि शांतीचा मेळ कसा बसतो?

चाकण : भोसरी, चाकण, तळेगाव पट्ट्यातल्या पोरांचे व्हॉट्सॲप स्टेटस उघडून बघा. महाराजांचा फोटो असतो, विठोबाचा असतो, बैलगाडा शर्यत असते आणि हल्ली मधूनच एक जपानी पोरगा दिसतो. पिवळे केस, केशरी जॅकेट, कपाळाला पट्टी. खाली दोन ओळी लिहिलेल्या असतात : खरी ताकद कशात असते, राग कसा आवरायचा, सूड घेऊन काय हाती लागतं. घरातल्या मोठ्यांना वाटतं, हे काय कार्टून! पण पोरं त्यातून जे शोधतायत, ते याच मातीत साडेतीनशे वर्षांपूर्वी एका किल्लेदारानं करून दाखवलंय.

कोण हा नारुतो?

मासाशी किशिमोतो या जपानी चित्रकारानं १९९९ मध्ये नारुतोची चित्रकथा सुरू केली. ती २०१४ पर्यंत चालली. पुढे त्यावर मालिका आली, हिंदीत डबिंग झालं आणि ती आपल्याकडच्या मोबाईलवर पोचली.

गोष्ट साधी आहे. नारुतो अनाथ. त्याच्या अंगात नऊ शेपट्यांच्या कोल्ह्याची भयंकर शक्ती कोंडलेली, म्हणून गाव त्याला जवळ करत नाही. राग आला की ती शक्ती उसळते, आणि मग समोर आपला कोण, परका कोण, याचं भान त्याला राहत नाही. पुढे तो त्या कोल्ह्याशीच मैत्री करतो आणि शेवटी त्याच गावाचा प्रमुख होतो.

पोरांना सगळ्यात भिडतो तो एक प्रसंग. नागातो नावाचा माणूस नारुतोच्या गुरूला मारतो, गाव उद्ध्वस्त करतो. नारुतो लढून जिंकतो आणि त्याच्यापर्यंत पोचतो. मारायची संधी हातात असते. तो मारत नाही, समोर बसून बोलतो. सुडाचं चक्र कुणीतरी थांबवलं पाहिजे, एवढंच त्याचं म्हणणं. स्टेटसवर फिरणाऱ्या बहुतेक ओळींचा सार हाच असतो.

ताकद : ५६ दिवस झुंजलेला भुईकोट

आता चाकणकडे येऊ. गावातच संग्रामदुर्गाचे अवशेष आहेत. हा डोंगरी किल्ला नाही, भुईकोट आहे. म्हणजे सपाटीवरचा कोट, भोवती खंदक. इथला किल्लेदार फिरंगोजी नरसाळा.

१६६० साली औरंगजेबाचा मामा शाहिस्तेखान पुण्यात आला आणि जूनमध्ये त्यानं चाकणला वेढा घातला. खानाची फौज वीसेक हजारांची आणि किल्ल्यात ३०० ते ३५० माणसं, असं सांगितलं जातं. मदत येण्याची आशा नव्हती, कारण त्या वेळी खुद्द शिवाजी महाराज पन्हाळ्यावर सिद्दी जौहरच्या वेढ्यात होते. १३ जुलैला घोडखिंडीत बाजीप्रभू पडले, महाराज विशाळगडावर पोचले. इकडे चाकण लढतच होतं.

भर पावसाळा. खंदकात पाणी, बाहेर चिखल. तोफा डागूनही कोट पडेना, तेव्हा खानाच्या लोकांनी बुरुजाखाली भुयार खणलं. १४ ऑगस्टला सुरुंग उडाला. बुरूज आणि त्यावरची माणसं हवेत उडाली. मुघल सैन्य खिंडारावर धावलं, तर आत मातीचा उंच बांध घालून मराठे तयार उभे! तो दिवसही फिरंगोजीनं निभावून नेला.

अक्कल : कधी थांबायचं हे कळणं

दुसऱ्या दिवशी, १५ ऑगस्टला मुघल आत घुसले. उरलेली माणसं बालेकिल्ल्यात मागे हटली. आता पुढे काय? शेवटच्या माणसापर्यंत मरायचं, की राहिलेली माणसं वाचवायची?

फिरंगोजीनं राव भावसिंग या राजपूत सरदाराच्या मध्यस्थीनं किल्ला खाली केला. याला कुणी हार म्हणेल. पण हिशेब बघा. एवढ्याशा भुईकोटानं बादशाही फौज ऐन पावसाळ्यात जवळपास दोन महिने अडकवून ठेवली. मुघलांच्याच नोंदीप्रमाणे त्यांची २६८ माणसं मेली, ६०० जखमी झाली. सपाटीवरच्या कोटाला एवढा वेळ लागतो, तर सह्याद्रीतल्या डोंगरी किल्ल्यांना किती लागेल, हा धडा खानाला मिळाला. जे मिळवायचं होतं ते मिळालं होतं. त्यानंतर माणसं मरू देण्यात काही शहाणपण नव्हतं.

खानानं फिरंगोजीला बादशाही चाकरी देऊ केली. त्यानं ती नाकारली आणि महाराजांकडे परतला. महाराजांनी त्याला दोष न देता भूपाळगडाची जबाबदारी दिली. किल्ला सोडला तरी इमान सोडलं नाही, हे धन्यानं ओळखलं.

शांती : दुबळेपणा नव्हे

याच फिरंगोजीच्या आयुष्याची सुरुवातीची एक गोष्ट आहे. महाराज पुणे जहागिरीचा कारभार हाती घेत होते, तेव्हाही चाकण त्याच्याकडेच होतं. ते लढाई न होताच स्वराज्यात आलं आणि महाराजांनी त्यालाच किल्लेदार ठेवलं. बोलून काम होत असेल तर तलवार म्यानात ठेवायची, ही रीत तिथंही दिसते.

चाकणच्या शेजारी आळंदी आहे. ज्ञानेश्वरीच्या शेवटी, पसायदानात, माउलींनी दुष्टांचा नाश मागितला नाही. त्यांच्या मनातला वाकडेपणा जावा, असं मागितलं. नारुतो नागातोसमोर बसून जे करतो, ते याहून फार वेगळं नाही. म्हणून जपानची गोष्ट आपल्या पोरांना परकी वाटत नसावी.

चाकणनं दोन्ही बाजू पाहिल्यात

ही सगळी जुनी गोष्ट वाटेल, पण अलीकडचा अनुभवही गावाच्या ध्यानात राहिला पाहिजे. २०१६ आणि २०१७ मध्ये मराठा आरक्षणासाठी राज्यभर लाखोंचे मूक मोर्चे निघाले. घोषणा नाही, दगड नाही. एवढी माणसं एवढ्या शिस्तीत चालतात, याची सरकारला दखल घ्यावी लागली. ती ताकदही होती आणि शांतीही.

त्याच मागणीसाठी ३० जुलै २०१८ ला चाकणमध्ये झालेल्या आंदोलनाला मात्र हिंसक वळण लागलं. बस आणि पोलिसांच्या गाड्या पेटल्या, जमावबंदी लावावी लागली, मोठ्या जमावावर गुन्हे दाखल झाले. मागणी तीच होती. पण त्या दिवशी चर्चा मागणीची न होता जाळपोळीची झाली.

आणि गुन्ह्याची किंमत औद्योगिक पट्ट्यात जास्त बसते. कंपनीत लागताना, सुरक्षा रक्षकाच्या नोकरीला, पासपोर्टला चारित्र्य पडताळणी होते. एका दुपारचा राग पुढे कित्येक वर्षं अर्जाच्या रकान्यात आडवा येतो. कोयता नाचवत रील टाकणाऱ्यावरही शस्त्र कायद्याखाली गुन्हा दाखल होऊ शकतो. लाईक येतात शंभर, तारखा पडतात त्याहून जास्त.

मग रागाच्या वेळी करायचं काय?

बांधाचा वाद : हातघाईवर येण्याआधी भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करा. कागदावर हद्द आली की निम्मं भांडण मिटतं.

गावातला तंटा : महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम १५ ऑगस्ट २००७ पासून सुरू झाली. गावच्या तंटामुक्त समितीपुढे विषय ठेवा. न्यायालयात गेलेली तडजोडीची प्रकरणं लोकअदालतीत मिटवता येतात.

कंपनीतला वाद : ठेकेदारानं पगार अडवला तर गेटवर मारामारी करून उपयोग नाही. हजेरी, पगाराची पावती, बँकेची नोंद जपून ठेवा आणि कामगार कार्यालयात लेखी तक्रार द्या. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ प्रमाणे औद्योगिक कामगाराला मोफत वकील मिळू शकतो. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींनाही हा हक्क आहे.

जिवावर बेतलं तर : गप्प बसणं म्हणजे शांती नव्हे. ११२ नंबर फिरवा.

आणि स्टेटस टाकताना : महाराजांच्या, संतांच्या किंवा नारुतोच्या नावावर कुणीही काहीही लिहून पुढे ढकलतं. ओळ कुठल्या ग्रंथातली, कुठल्या भागातली, हे एकदा विचारा. पत्ता लागत नसेल तर ओळ खुशाल टाका, पण नाव लावू नका.

फिरंगोजीची एकही ओळ स्टेटसवर फिरत नाही. त्याचे उरलेत ते ५६ दिवस, आणि गावातले ते बुरूज. सुट्टीच्या दिवशी पोरांना घेऊन एकदा तिथं चक्कर मारा. नारुतो त्यांना आधीच कळलाय, फिरंगोजी समजायला वेळ लागणार नाही.