कुर्डुवाडीहून मुंबईला

१८ ऑगस्ट २०२५ला कोल्हापूरच्या सर्किट बेंचचं काम सुरू झालं आणि सोलापूर जिल्ह्याचं हायकोर्ट मुंबईहून कोल्हापूरला आलं. सहा जिल्ह्यांचे वकील त्यासाठी वर्षानुवर्षं भांडले. आमच्या भागातल्या मोडनिंबवरून जाणारे रूळ पंढरपूर, मिरज करत तिकडेच जातात, म्हणजे आम्हाला आनंदच व्हायला हवा. मला आधी संताप आला. अंगावर आलेला खोटा गुन्हा खटल्याआधीच रद्द व्हावा म्हणून आमच्या भागातल्या माणसांनी मुंबईला खेपा घातल्या, त्यात विकलेली जनावरं आता कोण परत देणार?

१९६०चा आर. पी. कपूर निकाल, पुढे भजनलाल निकालातले गुन्हा रद्द करण्याचे सात प्रकार, हे वकिलांना तोंडपाठ असतं. तो इतिहास त्यांच्याकडेच राहू दे. मी पाहिलं ते २०१० नंतरचं दशक.

२०१२ साली ग्यानसिंग निकालात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलं की, घरगुती वादात तडजोड झाली तर कायद्याने न मिटणारा गुन्हाही हायकोर्ट रद्द करू शकतं. निकाल चांगलाच होता. पण ४९८-अ, म्हणजे सासरच्या छळाचा गुन्हा, तालुक्याच्या कोर्टात मिटत नव्हता. गावात पंचांसमोर मिटलेलं भांडण घेऊन दोन्ही घरं कुर्डुवाडीला रात्री सिद्धेश्वर एक्स्प्रेसमध्ये चढत. सकाळी फोर्टात वकील, प्रतिज्ञापत्र, आणि बऱ्याचदा पुढची तारीख. सोडचिठ्ठीचे पैसे ठरलेले असत. वकिलाची फी आणि गाडीभाडं त्याहून वेगळं.

हुंड्यापायी छळलेल्या लेकी आमच्याकडे थोड्या नाहीत. फिर्यादीत पुण्यातला दीर आणि सांगलीतली नणंद घालायला लावणाऱ्यांनी नुकसान केलं ते त्या लेकींचंच. दहा नावांच्या गर्दीत मारणारा नवरा झाकला जातो.

अशा विनाकारण गोवलेल्यांना खरं तर इतक्या लांब जायची गरजच नव्हती. आरोप निराधार असेल तर दोषारोप ठेवण्याआधी मॅजिस्ट्रेटने आरोपीला दोषमुक्त करावं, हे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम २३९मध्ये लिहिलेलं होतं. सेशन्ससाठी २२७ होतं. न्यायाधीशाने सरकार पक्षाचं पोस्ट ऑफिस होऊ नये, असं प्रफुल्लकुमार सामल खटल्यात सुप्रीम कोर्टाने १९७८ सालीच बजावलं. तरी आमच्याकडे पक्षकाराला ऐकायला मिळे ते एकच: ‘चार्ज होऊ दे, मग बघू.’ त्यात २००४च्या देबेंद्रनाथ पाढी निकालाने या टप्प्यावर आरोपीचे कागद बघायलाच मनाई केली. घटनेच्या दिवशी दीर पुण्यात कामावर होता याचा हजेरीपट खिशात असून उपयोग नाही. तसा निर्विवाद कागद पाहण्याची मोकळीक हायकोर्टाला होती. म्हणजे पुन्हा सिद्धेश्वर.

या दशकातलं सगळ्यात मोठं प्रकरण कराडचं. तिथल्या शासकीय औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातल्या एका दलित कर्मचाऱ्याने अॅट्रॉसिटीखाली फिर्याद दिली. आरोपी केलेल्या सुभाष काशिनाथ महाजन या अधिकाऱ्याने गुन्हा रद्द करण्याची मागणी केली. हायकोर्टाने २०१७मध्ये ती फेटाळली. २० मार्च २०१८ला सुप्रीम कोर्टाने गुन्हा रद्द केला. तिथेच थांबायला हवं होतं. पण एका माणसाच्या अर्जावरून कोर्टाने साऱ्या देशासाठी नियम घातले: आधी प्राथमिक चौकशी, अटकेआधी परवानगी. प्रत्येक दलित फिर्यादी एका दिवसात संशयित ठरला. २ एप्रिलला भारत बंद झाला, माणसं मेली. ऑगस्टमध्ये संसदेने कायदा दुरुस्त केला आणि १ ऑक्टोबर २०१९ला कोर्टाने ते आदेश मागे घेतले. एकाचा गुन्हा तपासताना हजारोंच्या फिर्यादीवर अविश्वास दाखवला गेला, हे मी विसरू शकत नाही.

आता नवी संहिता आली आहे. १ जुलै २०२४पासून हायकोर्टाच्या गुन्हा रद्द करण्याच्या अधिकाराचं जुनं कलम ४८२ जाऊन ५२८ आलं. दोषमुक्तीच्या अर्जाला मात्र ६० दिवसांची मुदत लागली. मॅजिस्ट्रेटकडे ती कागदपत्रांच्या नकला मिळाल्यापासून मोजतात, सेशन्सला खटला वर्ग झाल्यापासून. ऊसतोडीला गेलेला माणूस त्या नकला कोणाकडून वाचून घेणार? कोल्हापूर जवळ आलं, पण तालुक्यातली ही वाट आणखी अरुंद झाली. नकला हातात पडतील त्याच दिवशी विधी सेवा समितीचा वकील त्याच्या शेजारी उभा असला पाहिजे आणि अर्ज द्यायचा की नाही हे त्याच्या भाषेत त्याला सांगितलं गेलं पाहिजे. सहा जिल्ह्यांच्या वकिलांनी बेंचसाठी जो जोर लावला, तो आता यासाठी लावावा.