रमेपासून 'रमा माधव'पर्यंत

कर्जत-खोपोली पट्ट्यातल्या पोरांना शूटिंगचं फार कौतुक राहिलेलं नाही. राहणार तरी कसं? खालापूर तालुक्यात चौकजवळ नितीन देसाईंनी २००५मध्ये एन. डी. स्टुडिओ उभारला, तेव्हापासून 'सेट लागलाय' हे वाक्य आपल्याकडे 'भातलावणी सुरू झाली' इतक्याच सहज बोललं जातं. २००८मध्ये स्टार प्रवाहवर आलेली 'राजा शिवछत्रपती' ही मालिका इथलीच. तिच्यातल्या जिजाऊ आठवतात? त्या होत्या मृणाल कुलकर्णी. आज त्यांचीच गोष्ट सांगायची आहे. पण जिजाऊंची नाही, कॅमेऱ्यामागच्या मृणालताईंची.

सुरुवात शाळा-कॉलेजच्या उंबरठ्यावर झाली. रणजित देसाईंच्या 'स्वामी' कादंबरीवर दूरदर्शनने मालिका केली. दिग्दर्शक गजानन जागीरदार, माधवराव पेशवे झाले रवींद्र मंकणी आणि रमाबाई झाल्या सोळा वर्षांच्या मृणाल. मालिका तुफान गाजली. घराघरांत 'रमा' म्हणून ओळख झाली.

पुढे 'सोनपरी'मुळे देशभरातली लहान मुलं त्यांना ओळखू लागली. मराठीत 'अवंतिका' गाजली. या मालिकेच्या निर्मात्या होत्या स्मिता तळवलकर. दूरदर्शनवर बातम्या देणारी ही बाई अभिनयात आली, १९८९मध्ये 'कळत नकळत'ची निर्माती झाली आणि 'सवत माझी लाडकी' हा सिनेमा तिने स्वतः दिग्दर्शित केला. म्हणजे हा रस्ता आधी कुणी चाललंच नव्हतं, असं नाही.

मृणाल कुलकर्णींचा दिग्दर्शक म्हणून पहिला सिनेमा आला २०१३मध्ये, 'प्रेम म्हणजे प्रेम म्हणजे प्रेम असतं'. आणि लगेच पुढच्या वर्षी 'रमा माधव'. जी रमा त्या सोळाव्या वर्षी जगल्या, तीच रमा आता त्यांनी पर्ण पेठेकडून उभी करून घेतली. माधवराव झाला आलोक राजवाडे. खरी गंमत पुढे आहे. 'स्वामी'तले माधवराव, म्हणजे रवींद्र मंकणी, इथे झाले नानासाहेब पेशवे आणि स्वतः मृणाल झाल्या गोपिकाबाई. एकेकाळचे रमा-माधव आता माधवरावांचे आई-वडील! २०१९मध्ये त्यांनी 'ती अँड ती' केला, तोही पूर्ण वेगळ्या, आजच्या काळातला.

आता विचारा, अभिनेत्री आणि दिग्दर्शिका यात एवढा फरक काय? नटाला आपला सीन माहीत असावा लागतो, दिग्दर्शकाला सगळ्यांचा. सिनेमा गोष्टीच्या क्रमाने शूट होत नाही. शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी आणि पहिला प्रसंग महिन्याने, असंही होतं. तेव्हा रमा या क्षणी किती मोठी आहे, माधवरावांचं दुखणं कुठवर आलंय, मागच्या शॉटमध्ये पदर कोणत्या खांद्यावर होता, हे कुणीतरी डोक्यात ठेवायला लागतं. ऊन उतरत असतं, निर्माता घड्याळ बघत असतो आणि पन्नास माणसं एकाच व्यक्तीकडे बघत असतात, 'पुढे काय?' म्हणून.

हे उत्तर द्यायची तयारी वर्षानुवर्षं सेटवर उभं राहून होते. कॅमेऱ्यासमोर घालवलेला वेळ ही त्यांची शाळाच होती म्हणा ना.

दोस्तांनो, हे तुम्हाला सांगायचं कारण साधं आहे. तुमच्यातले कितीतरी जण सुट्टीत गर्दीच्या सीनला उभे राहता, दिवसाचा रोज घेता आणि शेवटची एसटी पकडून घरी जाता. 'आपण थोडेच हिरो होणार,' म्हणून विषय तिथेच संपतो. पण सेटवर हिरो एक असतो आणि कामं शंभर. पुढच्या वेळी मावळा बनून उन्हात थांबायची वेळ आली, की मोबाइल खिशात ठेवा. कंटिन्युटी कोण लिहितंय, लाइट का हलवला, दिग्दर्शकाने कट म्हटल्यावर नटाच्या कानात काय सांगितलं, ते बघा. मुंबईच्या मुलांना हे बघायला पैसे भरून कोर्स करावा लागतो. तुम्हाला तर रोज मिळतोय, वर वडापावही!