जमीन आणि कायदा : भाग ७
वाद दिवाणी, धाक फौजदारी

इसार दिला, साठेखताची मुदत टळली आणि तेवढ्यात रिंग रोडलगतचे भाव चढले. विकणारा वाढीव रक्कम मागतो, घेणारा जुन्या भावावर अडून बसतो. अशा वेळी नागपुरात बऱ्याच जणांना वकिलाच्या आधी पोलीस ठाणे आठवते. दिवाणी दाव्याला कोर्ट फी लागते, वर्षे लागतात. फिर्यादीला यातले काहीच लागत नाही आणि अटकेच्या भीतीने समोरचा लवकर तडजोडीला येतो. तक्रारदाराला शिक्षा नको असते, पैसे किंवा ताबा हवा असतो. फौजदारी कलम असे वसुलीचे साधन झाले, की नुकसान केवळ आरोपीचे होत नाही. खरोखर फसलेल्या माणसाची तक्रारही पोलिसांना ‘आणखी एक जमिनीचे भांडण’ वाटू लागते, आणि हे नुकसान अधिक मोठे.

सर्वोच्च न्यायालयाने या प्रवृत्तीवर २००६ मध्येच, इंडियन ऑइल विरुद्ध एनईपीसी या खटल्यात, बोट ठेवले होते. तरी एप्रिल २०२५ मध्ये कानपूरच्या एका गोदामाच्या तोंडी सौद्यावरून नोंदलेल्या गुन्ह्यात त्याच न्यायालयाला उत्तर प्रदेश सरकारवर ५० हजार रुपयांचा खर्च बसवावा लागला. कसोटी जुनीच आहे : वचन देतानाच ते मोडायचा इरादा होता का? नंतर नियत फिरली, तर तो करारभंग, फसवणूक नव्हे. जमिनीबाबत २००९ चा मोहम्मद इब्राहिम निकाल तर प्रत्येक ठाण्यात लावून ठेवावा असा आहे. दुसऱ्याची जमीन आपलीच सांगून एखाद्याने स्वतःच्या नावाने, स्वतःच्या सहीने विकली, तर तेवढ्याने खरेदीखत कायद्याच्या अर्थाने बनावट ठरत नाही. त्यात फसतो तो खरेदीदार, म्हणून फसवणुकीची तक्रारही त्याची. मूळ मालकाचा मार्ग दिवाणी न्यायालयातून जातो.

यावर नागपूरकर म्हणेल, इथल्या भूमाफियांचे काय? आक्षेप वजनदार आहे. नागपूर सुधार प्रन्यासाच्या (नासुप्र) हद्दीत ‘५७२’ आणि ‘१९००’ अशा आकड्यांनीच ओळखले जाणारे लेआउट २००१ च्या गुंठेवारी कायद्यापर्यंत येऊन पोहोचले. एकच प्लॉट दोघांना विकणे, आममुखत्यारपत्र रद्द झाल्यावरही त्यावर विक्री करणे हे प्रकार शहराला नवे नाहीत. २०१७ मध्ये जमीन बळकावण्याच्या तक्रारींसाठी पोलिसांना विशेष तपास पथक नेमावे लागले. पण या प्रकरणांत इरादा कागदांच्या तारखांतूनच दिसतो. पहिले खरेदीखत आधीचे, दुसरे नंतरचे, सही एकाच माणसाची. तिथे गुन्हा नोंदवायला चालढकल नकोच. इसाराच्या वादात अशा तारखा बहुधा नसतात, असते ती फक्त रक्कम.

दिवाणी न्याय संथ आहे, ही तक्रार मात्र खरी आहे आणि तिला सोपे उत्तर नाही. तरीही न्यायालयाच्या दिरंगाईची भरपाई कोणाच्या तरी कोठडीने करणे समर्थनीय ठरत नाही. निदान गाळणी तरी हवी. नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(३) ने १४ दिवसांच्या प्राथमिक चौकशीची सोय केली, पण ती ३ वर्षांपासून ७ वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यांपुरती. भारतीय न्याय संहितेतील फसवणुकीच्या कलम ३१८(४) ची कमाल शिक्षा नेमकी ७ वर्षे! म्हणजे जमिनीच्या वादात हमखास लावले जाणारे कलमच गाळणीबाहेर राहिले. तिथे ललिता कुमारी निकालाने २०१३ मध्ये व्यापारी व्यवहारांसाठी खुली ठेवलेली प्राथमिक चौकशी वापरता येते. ती वापरावी आणि दोन्ही बाजूंचे कागद आधी पाहावेत.

ठाण्याच्या पायऱ्या झिजवणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. बेकायदा हिसकावलेला ताबा केवळ पूर्वीच्या कब्जाच्या आधारे परत मागायचा, तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ६ खाली दावा ६ महिन्यांत लावावा लागतो. साठेखताची पूर्तता मागायला मुदत ३ वर्षांची. पोलिसांत अर्ज दिल्याने यातली कोणतीही मुदत थांबत नाही.