दातांची भाऊबंदकी

रानातली कुळं : लेखांक ७

आलापल्लीजवळच्या एका जुन्या कौलारू इमारतीच्या माळ्यावर गव्हाणी घुबडांची जोडी राहायची. त्यांच्या बसण्याच्या तुळईखाली काळपट, अंगठ्याएवढे गोळे पडलेले असत. घुबड उंदीर अख्खा गिळतं, मांस पचवतं आणि उरलेले केस-हाडं गोळा करून तोंडावाटे टाकून देतं. असा एक गोळा आम्ही परातीत कोमट पाण्यात भिजवला. केस सुटले आणि तळाशी बरगड्या, काडीएवढी पायांची हाडं आणि दोन कवट्या उरल्या. मी म्हटलं, दोन उंदीर. बरोबरचा वनरक्षक वाकून बघत म्हणाला, "एकच उंदीर आहे जी. दुसरी चिचुंदरी. दात पाहा ना."

मी पाहिले. एका कवटीत पुढे नारिंगी रंगाचे, पटाशीसारखे दोन वाकडे दात होते. त्यांच्यामागे दात नसलेली मोकळी जागा आणि मग अगदी आत दाढा. दुसऱ्या कवटीत मोकळी जागा नव्हतीच. पांढरेशुभ्र, टोकदार दात पुढून मागेपर्यंत ओळीने लागलेले, आणि सगळ्यांत पुढचे दोन आकड्यासारखे वाकलेले. घुबडाच्या पोटात दोघं एकाच गोळ्यात गुंडाळले गेले होते, पण त्यांची घराणी एकमेकांपासून फार दूरची आहेत.

मागच्या लेखात आपण मार्जार कुळाकडे पाहिलं. ताडोबाला येणाऱ्या माणसाला तेवढंच कुळ भेटायला हवं असतं. वाघ दिसला नाही तर सफारी वाया गेली म्हणतात. मला मात्र वाटतं, सस्तन प्राणी म्हणजे काय हे समजून घ्यायचं तर सुरुवात पायाखालून करावी. जगात सस्तनांच्या साडेसहा हजारांहून अधिक जाती आज मोजल्या जातात आणि त्यांतल्या सुमारे ४० टक्के एकट्या कृंतक गणातल्या आहेत. कृंतक म्हणजे कुरतडणारे. उंदीर, घूस, खार, शेकरू, सायाळ हे सगळे त्यात आले.

या गणाची खूण म्हणजे पुढचे दात, वर दोन आणि खाली दोन. ते जन्मभर वाढत राहतात. त्यांना कठीण लुकण फक्त पुढच्या बाजूने असतं. मागची बाजू मऊ असल्यामुळे ती आधी झिजते आणि दाताला आपोआप धार राहते. नारिंगी रंग लुकणातल्या लोहाचा. सुळे यांना नसतातच. उंदराच्या तोंडात एकूण १६ दात, चिचुंदरीच्या तोंडात ३०. उंदीर कुरतडतो, चिचुंदरी किडे-गांडुळं चावून खाते. प्राण्यांच्या वर्गीकरणाची घडी बसवणाऱ्या लिनियसने १७६६ मध्ये चिचुंदरीला जे लॅटिन नाव दिलं, त्यातल्या 'म्युरिनस'चा अर्थ 'उंदरासारखी' असा आहे. दिसायला उंदरासारखी म्हणून ते नाव तिला कायमचं चिकटलं, पण ती उंदीर नाही हे लिनियसलाही ठाऊक होतं.

सारखं दिसणं वेगळं आणि नातं वेगळं, हे गडचिरोलीतल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. इथल्या गोंड-माडिया समाजात कुळं देवांच्या संख्येवरून ओळखली जातात : चार देवे, पाच देवे, सहा देवे, सात देवे. आडनावं वेगळी असोत, गावं दूरची असोत, देवसंख्या एक असेल तर ती माणसं भाऊबंद. त्यांच्यात सोयरीक होत नाही. चेहऱ्यामोहऱ्याचा तिथे काही संबंध नसतो. प्राण्यांचं वर्गीकरण नेमकं हेच शोधतं : कोण कुणाचा भाऊबंद. जाती, त्यावर प्रजाती, त्यावर कुल, मग गण आणि वर्ग, ही चढण म्हणजे मागे मागे जात एकाच पूर्वजापर्यंत पोचणं आहे.

हे शहाणपण विज्ञानाला मात्र एका दिवसात आलं नाही. लिनियसने आपल्या वर्गीकरणाच्या ग्रंथाच्या १७५८ च्या आवृत्तीत 'सस्तन' हा वर्ग प्रथम त्या नावाने मांडला आणि गण पाडताना मुख्यतः पुढच्या दातांवर भर दिला. त्या कसोटीने उंदीर, खार, सायाळ एकत्र आले हे योग्यच झालं. पण त्याच घोळक्यात त्याने गेंडाही बसवला. आणि वटवाघळं गेली थेट माणसाच्या व माकडाच्या गणात. दात खरं बोलतात, पण एकट्या दाताची साक्ष पुरत नाही, हा धडा पुढच्या शंभर-दीडशे वर्षांनी दिला.

सशाचंच पाहा. आपल्या रानातला काळ्या मानेचा ससा कुरतडतो, त्याचे पुढचे दातही वाढत राहतात. तो बरीच वर्षं कृंतकांतच गणला जाई. पण सशाचा वरचा जबडा नीट न्याहाळला तर पुढच्या दोन दातांच्या मागे आणखी दोन बारीक खुंटासारखे दात लपलेले दिसतात. उंदराला ते नाहीत, खारीला नाहीत. १९१२ मध्ये गिडली या अमेरिकी अभ्यासकाने ससे हा स्वतंत्र गण मानावा असं ठामपणे मांडलं आणि ते टिकलं. पुढे डीएनएच्या अभ्यासाने दाखवलं की ससे आणि कृंतक सख्खे नसले तरी चुलत घराणी आहेत. त्याच अभ्यासातून आणखी एक गोष्ट पुढे आली. या दोन्ही गणांना जवळचं मोठं घराणं म्हणजे माकडांचं आणि माणसाचं. धानाच्या बांधीत बीळ करणारा उंदीर नात्याने वाघापेक्षा, गायीपेक्षा आपल्याला जवळचा आहे.

आता खारी. अंगणातल्या खारीच्या पाठीवरचे पट्टे मोजा. दक्षिणेकडची तीन पट्ट्यांची, उत्तर नि मध्य भारतातली पाच पट्ट्यांची, आणि या दोन वेगळ्या जाती आहेत. पाच पट्ट्यांच्या खारीला १९०५ मध्ये वेगळं नाव दिलं ते रॉटन यांनी. हे गृहस्थ मुंबई इलाख्यात वनाधिकारी होते. निवृत्तीनंतर बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीने १९११ मध्ये सुरू केलेल्या सस्तनांच्या पाहणीत त्यांनी लंडनमध्ये बसून नमुने तपासले, अहवाल लिहिले. पहिला अहवाल खानदेशाचा होता. आज कुणी रानात एखादा उंदीर ओळखतो, तेव्हा त्यामागे त्या पाहणीतल्या कातड्यांचं आणि कवट्यांचं काम असतं.

शेकरू, म्हणजे महाराष्ट्राचा राज्यप्राणी, भीमाशंकरचा म्हणून प्रसिद्ध आहे, पण सिरोंच्याकडच्या उंच झाडांतही तो राहतो. चपराळा, भामरागडच्या जंगलात रात्री उडणारी खार दिसते. ती खरोखर उडत नाही. पुढच्या पायापासून मागच्या पायापर्यंत ताणलेल्या कातडीवर ती एका झाडावरून दुसऱ्या झाडावर तरंगत जाते. वटवाघळाशी तिचं काही नातं नाही, ती अस्सल खारीच्या कुलातली. याच खारीचं शास्त्रीय वर्णन १८३९ मध्ये वॉल्टर इलियट यांनी केलं. धारवाडला नोकरी करताना त्यांनी 'दक्षिण मराठा मुलखा'तल्या सस्तनांची यादी तयार केली होती. उंदरांची माहिती त्यांना मिळाली वडारांकडून, कारण बिळं खणून उंदीर धरणारे तेच. मऊ केसांच्या एका शेतउंदराच्या शास्त्रीय नावात 'मेल्टाडा' असा शब्द आहे. तो वडारांच्या तोंडचा 'मेट्टाड'. लिहिण्यात एक अक्षर बदललं, शब्द मात्र राहिला. हे नाव वाचताना मला फार बरं वाटतं. ज्यांना शाळेचं दार उघडं नव्हतं त्यांचा शब्द जगभरच्या संग्रहालयांच्या चिठ्ठ्यांवर आहे.

असाच एक शब्द सिरोंचा तालुक्यात रोज कानावर पडतो. तिथे घराघरांत तेलुगू चालते. घुशीला तेलुगूत 'पंदिकोक्कु' म्हणतात, म्हणजे डुकरासारखा उंदीर. इंग्रजांनी त्याचं 'बँडिकूट' केलं आणि त्यावरून घुशीच्या प्रजातीचं नाव झालं 'बँडिकोटा'. पुढे ऑस्ट्रेलियात गेलेल्या इंग्रजांना लांब तोंडाचा एक प्राणी दिसला, त्यालाही ते बँडिकूटच म्हणू लागले. तो तर पिलाला पोटाच्या पिशवीत वाढवणारा, कांगारूच्या बाजूचा. घुशीशी त्याचं नातं नावापुरतंच.

मग ज्याला दातच नाहीत त्याचं काय करायचं? खवले मांजर मुंग्या आणि वाळवी लांब जिभेने टिपून खातं, तोंडात एकही दात नाही. अंगावर खवले, वळून बसलं की चेंडू. अभ्यासकांनी त्याला कधी या गणाजवळ ठेवलं, कधी त्या. शेवटी डीएनएने निकाल दिला : आज जिवंत असलेल्या गणांपैकी त्याला सर्वांत जवळचा आहे मांसभक्षकांचा गण, म्हणजे वाघ, कुत्रा, मुंगूस आणि मांजर यांचा. आपल्या लोकांनी कोणत्या विचाराने त्याला मांजर म्हटलं कुणास ठाऊक, पण हाक योग्य दारावर गेली. याच खवल्यांसाठी या निरुपद्रवी जिवाची तस्करी होते, आणि वाघाच्या शिकारीची बातमी होते तशी याची क्वचितच होते. हे मला सहन होत नाही.

कायद्याचंही एक वर्गीकरण असतं. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पाचव्या अनुसूचीत उपद्रवी म्हणून उंदीर, फळं खाणारी वटवाघळं आणि कावळा शेजारी शेजारी होते. २०२२ च्या दुरुस्तीत ती अनुसूची गेली. फळं खाणारी वटवाघळं रात्रभर जंगलात बिया पेरत फिरतात. त्यांना पन्नास वर्षं त्या यादीत ठेवणं चूकच होतं.

दातांकडे परत येतो. सिरोंच्याजवळ प्राणहितेच्या काठी कोटा नावाचं गाव आहे. तिथल्या खडकाच्या थरांना भूशास्त्रात त्या गावाचंच नाव आहे. हे थर ज्युरासिक काळातले, डायनासोर चालत होते त्या वेळचे. नदीपलीकडे तेलंगणात याच थरांमधून एक इवलासा दात मिळाला. दाताचं लुकण शरीरातलं सर्वांत कठीण द्रव्य, म्हणून हाडं विरली तरी तो टिकला. १९८१ मध्ये पी. एम. दत्ता यांनी त्याचं वर्णन केलं आणि प्राण्याला नाव दिलं 'कोटाथेरियम हाल्डेनी' : कोट्याचा पशू, आणि भारताचे नागरिक झालेले जीवशास्त्रज्ञ हाल्डेन यांच्या स्मरणार्थ. आकाराने चिचुंदरीएवढा असावा असा हा सस्तन, आणि तो ओळखू आला तो दाढेवरच्या उंचवट्यांच्या मांडणीवरून. वनरक्षकाने परातीतली कवटी ओळखली ती काही वेगळ्या रीतीने नव्हे.

त्या दोन कवट्या मी काडेपेटीत कापसावर ठेवल्या आहेत. पुढच्या आठवड्यात लिनियसने माणसाशेजारी बसवलेल्या वटवाघळांकडे जाऊ.